मदत हवी आहे: कंपनी तारखेला येतच नाही, आता पुढं काय?

मंडळी, शिरोली एमआयडीसीतल्या एका फौंड्रीत कामाला आहे, युनियनची कागदपत्रं माझ्याकडं असतात. पगारवाढीचा करार झाला, सह्या झाल्या, पण वाढ काही हातात पडली नाही. म्हणून अनुचित कामगार प्रथांच्या १९७१ च्या कायद्यातल्या कलम २८ खाली कोल्हापूरच्या औद्योगिक न्यायालयात तक्रार घातली. करार न पाळणं म्हणजे अनुसूची ४ मधली बाब ९. ९० दिवसांची मुदत कशीबशी गाठली.

नोटीस पोचल्याची पावती आहे. तरी तीन तारखांना कंपनीकडून ना माणूस, ना लेखी म्हणणं. पोरं म्हणतात, "जिंकलोच की!" मला तसं वाटत नाही. एकतर्फी चाललं तरी शपथपत्र, पुरावा आपल्यालाच द्यायचा. शिवाय उद्या निकाल लागला की "नोटीस मिळालीच नाही" म्हणत तो रद्द करून घ्यायला हेच पळत येणार.

कुणी यातनं गेलंय का? मूळ करार आणि पगारपत्रकं सोडून अजून काय जोडलंत? साक्षीला एक पदाधिकारी पुरतो, का कामगारही उभे करायचे? वकीलसाहेब माणूस चांगला, पण फोन उचलंल तर शपथ. पुढची तारीख सोमवारी आहे.