शब्दचर्चा : चिनी लग्नातली ‘त्साय-ली’ म्हणजे हुंडा का?

शब्दवेडी
चिनी लग्नविधींवरचा एक मोठा लेख मराठीत आणते आहे आणि ‘त्साय-ली’ या शब्दापाशी अडले आहे. लग्न ठरताना मुलाकडच्यांनी मुलीच्या आईवडिलांना द्यायची रक्कम आणि वस्तू, असा त्याचा अर्थ. आपल्याकडे बोलताना लोक याला सहज ‘चिनी हुंडा’ म्हणून जातात. मला ते खटकतं. ‘वधूमूल्य’ लिहावं तर बाई विकत घेतल्यासारखं वाटतं. शिवाय मुलीबरोबर माहेरहून गाद्या, रजया, कपडे, दागिने जातात त्याला ‘ज्या-ज्वांग’ म्हणतात. त्यालाही हुंडाच म्हटलं तर दोन्ही शब्द एक होऊन बसतील. काय करावं?

रानजाई
हुंडा मुळीच लिहू नका, ताई. हुंडा मुलीकडून मुलाकडे जातो, त्साय-ली मुलाकडून मुलीकडे. दिशाच उलटी आहे. आपल्याला त्यासाठी नवा शब्द घडवायची गरज नाही, कारण ‘देज’ आहे. मुलाच्या बापाने मुलीच्या बापाला द्यायचं ते देज. भिल्ल, वारली अशा समाजांच्या लग्नांबद्दल मराठीत लिहिताना हाच शब्द येतो. ‘कन्याशुल्क’ही आहे, पण त्याला स्मृतिग्रंथांतल्या आसुर विवाहाचा, म्हणजे पैसे देऊन वधू मिळवण्याचा, डाग आहे, म्हणून मी तो टाळेन.

आणि ‘ज्या-ज्वांग’ म्हणजे सरळ ‘आंदण’. लेकीला सासरी जाताना माहेरून मिळतं ते. यात कुणी मागितलं म्हणून दिलं, असा भाव नाही, आणि मूळ शब्दातही तो नाही.

या देण्याचं मूळ फार जुनं आहे. ‘यी-ली’ या प्राचीन ग्रंथात लग्नाचे सहा टप्पे सांगितले आहेत: मागणी घालणं, मुलीचं नाव विचारणं, कौल चांगला आल्याचं कळवणं, भेटी पाठवणं, मुहूर्त ठरवणं आणि नवऱ्याने स्वतः वधूला आणायला जाणं. यातल्या चौथ्या टप्प्यावर, ‘ना-जंग’मध्ये, काळ्या-तांबड्या रेशमाचे तागे आणि हरणाच्या कातड्यांची जोडी पाठवत. बाकी पाचही टप्प्यांना रानहंस नेत. रेशीम पोचलं की सोयरीक पक्की.

पारावरचा
‘देज’ मान्य, पण आजचा वाचक ‘दहेज’ असं वाचेल आणि सगळं उलटं होईल. हिंदीतलं दहेज म्हणजे हुंडाच, आणि तो शब्द अरबी-फारसीतून आलेला. दोघांचा उच्चार जवळचा, अर्थ मात्र विरुद्ध टोकांचे.

रानजाई
खरं आहे. म्हणून पहिल्या वेळी वाक्यातच उलगडा करावा: ‘मुलाकडून मुलीच्या घरी जाणारं देज, ज्याला तिथे त्साय-ली म्हणतात’. दुसऱ्यांदा नुसतं ‘देज’ चालेल. वाचकाला एवढंही झेपणार नाही असं समजून आपण आपलेच शब्द सोडत गेलो, तर उद्या त्यांची ओळखच उरणार नाही.

मी इतक्या आग्रहाने लिहिते आहे ते केवळ दिशेसाठी नाही. ‘हुंडा’ म्हटलं की मराठी माणसापुढे छळ सोसणारी सून उभी राहते. चीनमध्ये या प्रथेचा भार मुख्यतः मुलाच्या घरावर पडतो. खेड्यांत देज जमवता जमवता आईबाप कर्जात बुडतात. दुःख तिथेही आहे, पण ते वेगळ्या घरात आहे, आणि शब्द चुकला की वाचक भलत्याच दाराशी जाऊन उभा राहतो.

१९६०-७०च्या दशकांत देजात वस्तूंचा मान होता. ‘तीन फिरणाऱ्या, एक वाजणारी’ असा वाक्प्रचार होता: मनगटी घड्याळ, सायकल, शिवणयंत्र आणि रेडिओ. नंतर फ्रिज, टीव्ही, धुलाईयंत्र आले, मग रोकड. काही जण १०,००१ युआन देतात, कारण त्या आकड्यातून ‘दहा हजारांतून निवडलेली एक’ असा अर्थ निघतो.

कायदेपंडित नाही पण
चीनमध्ये देज कायद्याने बंद आहे का, असं कुणी विचारेलच, म्हणून जोडतो. १९५०च्या विवाह कायद्याने लग्नाच्या निमित्ताने पैसे उकळायला मनाई केली. २०२१पासून लागू असलेल्या नागरी संहितेतही ती आहे. मनाई ‘मागण्याला’ आहे, रीतीने देण्याला नाही. देज परत कधी मागता येईल, याबद्दल तिथल्या सर्वोच्च लोकन्यायालयाने दिलेला खुलासा १ फेब्रुवारी २०२४ला लागू झाला. सणावाराच्या किरकोळ भेटी त्यात धरल्या जात नाहीत. तेव्हा ‘बेकायदा देज’ असं सरसकट लिहू नका.

बोरीबाभळी
लेखात नवरा-नवरीच्या पलंगावर टाकायच्या फळांचा उल्लेख येईलच. तिथे ‘झाओ’चं ‘खजूर’ करू नका. ते आपल्या बोराच्या जातीचं फळ, लाल आणि सुकवलेलं. ‘सुकी लाल बोरं’ लिहा. बाकी तीन म्हणजे भुईमुगाच्या शेंगा, लिचीच्या कुळातलं लोंगन आणि कमळाच्या बिया. यातल्या शेवटच्याला मखाणा म्हणू नये, मखाण्याची वनस्पती वेगळी. पूजासाहित्याच्या दुकानात मिळतो तो कमळगट्टा हाच.

या चार नावांतला एकेक उच्चार ओळीने घेतला की ‘झाओ शंग ग्वै-झ’ असा आवाज होतो, म्हणजे ‘लवकर गुणी पुत्र होवो’. आपण ओटीत खारीक, बदाम, हळकुंड, सुपारी घालतो, पण त्यांच्या नावांतून असं वाक्य होत नाही. त्यामुळे इथे ‘ओटी भरली’ असं भाषांतर करू नये. नावांचा खेळ तसाच ठेवावा, नाहीतर त्या चार फळांचं कारणच कळणार नाही.

शब्दवेडी
छान! आणखी एक. लग्नासाठीच्या ‘हुन’ या अक्षरात ‘स्त्री’ आणि ‘संधिकाळ’ अशा दोन खुणा आहेत, कारण पूर्वी वधूला तिन्हीसांजेला आणत. तिथे ‘गोरज मुहूर्त’ लिहू का?

पारावरचा
मोह होतो, पण नको. गोरज म्हटलं की गायींच्या खुरांची धूळ आली, पंचांग आलं. ‘तिन्हीसांज’ पुरेसं आहे. हां, तिसऱ्या दिवशी जोडपं वधूच्या माहेरी जातं, त्या ‘हुई-मन’ला मात्र बिनधास्त ‘मांडवपरतणी’ म्हणा, फक्त दिवस सांगा. ‘रू-ज्वै’ म्हणजे घरजावई होणं, त्यात शंकाच नाही. आठ अक्षरांतली जन्मवेळ, ‘बा-झ’, जुळवण्याला ‘टिपण जुळवणं’ चालेल. वर्ष, महिना, दिवस, तास, प्रत्येकाची दोन अक्षरं.

रानजाई
लाल पाकिटातला ‘होंग-बाव’ म्हणजे आहेर, पण आकडा जपा. आपल्याकडे ५०१, १००१ असा वर एक रुपया. तिथे लग्नात सम आकडा शुभ, कारण शुभगोष्ट जोडीने यावी असं मानतात (देजातले १०,००१ हा अपवाद, ते अर्थासाठी). त्यातही ४ टाळतात, कारण त्याचा उच्चार ‘मृत्यू’शी जुळतो. तुमच्या लेखात पाहुण्याच्या हाती १००१ युआनचा आहेर असेल, तर मूळ मजकूर पुन्हा एकदा तपासा.