मुलाचं नाव 'ऋतुपर्ण': अर्थ काय, हा राजा कोण आणि दाखल्यावर कसं लिहायचं?

आत्याबाई_आर्वी
नमस्कार मंडळी. भावाला मुलगा झाला, नाव ठेवायचा मान माझा. पुढच्या रविवारी पाळणा आहे. जन्म स्वाती नक्षत्राच्या पहिल्या चरणावरचा, अक्षर 'रू', रास तूळ. माझ्या मनात 'ऋतुपर्ण' आहे. नळ-दमयंतीच्या कथेत हा राजा येतो, एवढंच मला ठाऊक.
अटी तीन. विदर्भाशी धागा हवा, चार अक्षरांच्या वर नको, आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसांना हाक मारता यावी. अर्थ, पार्श्वभूमी आणि कागदपत्रांचं काय ते सांगा. दुसरी नावं कृपया सुचवू नका, यादी आधीच दोन पानं झाली आहे.

वऱ्हाडी_ठेचा
ताई, रुद्र ठेवा न. दोन अक्षरं, विषय खतम. ऋतुपर्ण म्हणेपर्यंत पोट्टं वावरातून घरी येऊन जेवून झोपून जाईन.

पोथीवाला
रुद्र नावाची मुलं आज एकेका वर्गात तीन-तीन आहेत. त्यांनी विचारलंय वेगळं, उत्तर तेवढ्याचंच देतो.
कथा महाभारताच्या वनपर्वातली. वनवासात युधिष्ठिर हताश असताना बृहदश्व ऋषी त्याला नलोपाख्यान सांगतात. निषधांचा राजा नळ द्यूतात भाऊ पुष्कराकडून राज्य हरतो, दमयंतीला रानात सोडून जातो. पुढे कर्कोटक नाग चावल्यामुळे त्याचं रूप पालटतं. तो नागच त्याला सांगतो की 'बाहुक' नाव घे आणि अयोध्येच्या ऋतुपर्णाकडे सारथी म्हणून राहा. ऋतुपर्ण इक्ष्वाकू कुळातला. पुराणांच्या वंशावळीत तो अयुतायूचा मुलगा आणि सर्वकामाचा बाप, म्हणजे रामाच्या कितीतरी पिढ्या आधीचा. महाभारतात मात्र त्याला 'भांगासुरी' असं पितृनाम आहे, म्हणून दोन पुस्तकांत बापाचं नाव वेगळं दिसलं तर गोंधळू नका.
त्याचं वैशिष्ट्य म्हणजे अक्षहृदय. फाशांची विद्या आणि एका नजरेत संख्या मोजण्याची विद्या, दोन्ही त्यात आल्या. दमयंतीच्या दुसऱ्या स्वयंवराचा निरोप आला तेव्हा अयोध्येहून कुंडिनपूर, म्हणजे दमयंतीचं माहेर, एका दिवसात गाठायचं होतं. वाटेत त्याने बेहड्याच्या झाडाकडे बघून सांगितलं की या दोन फांद्यांवर पाच कोटी पानं आणि २०९५ फळं आहेत. बाहुकाने रथ थांबवून झाड पाडलं आणि फळं मोजली. बरोबर निघाली. मग अश्वविद्येच्या बदल्यात अक्षविद्या असा सौदा झाला. अक्षविद्या मिळताच नळाच्या अंगात शिरून त्याला द्यूतात हरवणारा कली बाहेर पडला आणि त्याच बेहड्यात शिरला. पुष्कराला नळाने पुढे जिंकलं ते याच विद्येवर.
कर्कोटक, दमयंती, नळ आणि राजर्षी ऋतुपर्ण या चौघांचं नाव घेतल्याने कलीचा नाश होतो, असा श्लोक त्याच कथेत आहे. जुन्या घरांत तो सकाळी म्हणतात. मुलाला हाक मारायला याहून चांगलं कारण काय हवं?

मनसर_टेकडी
विदर्भाशी धागा हवा तर प्रवरसेन ठेवा. वाकाटकांचा राजा, घरचा माणूस. दुसऱ्या प्रवरसेनाने 'सेतुबंध' हे प्राकृत काव्य लिहिलं. प्राकृत म्हणजे आपल्या मराठीची आजी. अयोध्येचा राजा उसना आणायची गरज काय?

आत्याबाई_आर्वी
पाच अक्षरं होतात. आणि नावं सुचवू नका म्हटलं होतं.

मनसर_टेकडी
पाच काय अन् चार काय. घरात 'प्रवर' म्हणा.

शुद्धलेखन_मास्तर
लिहिण्याबद्दल सांगतो, कारण इथेच सगळे घसरतात.
सुटा शब्द मराठीत 'ऋतू' असा दीर्घ लिहितात, पण समासात तो पहिला आला की मूळचा ऱ्हस्व राहतो: ऋतुराज, ऋतुमान, ऋतुपर्ण. दाखल्यावर 'ऋतूपर्ण' आलं तर ते चूकच. दुसरी चूक 'ॠ', म्हणजे दीर्घ ऋकार, ज्याच्या बुडाशी जास्तीची शेपटी असते. फोनच्या कीबोर्डवर दोन्ही शेजारी असतात आणि बोट भलतीकडे पडतं. तिसरी चूक हाताने भरलेल्या अर्जातली. घाईत काढलेला 'ऋ' समोरच्याला 'त्र' दिसतो आणि टंकताना 'त्रतुपर्ण' होतं. संगणकावर इन्स्क्रिप्ट हा कळफलक असेल तर शिफ्ट दाबून '=' चिन्हाची कळ, की ऋ उमटतो. नुसती कळ दाबली तर ृ ही मात्रा येते.
अर्थाचं म्हणाल तर पर्ण म्हणजे पान, आणि पंखही. सुपर्ण म्हणजे गरुड, तो यातूनच. वेदांत पळसाच्या झाडालाही पर्ण म्हणतात. समास बहुव्रीही: ऋतूनुसार ज्याला पानं येतात तो. विदर्भात फाल्गुनातला पळस पाहिलेल्याला हे फोडून सांगायला नको. पान एक नाही, झाड लालभडक.

पळसाला_पाने_तीन
हे आवडलं. पण मास्तर, आपल्याकडे ण चा न होतो. 'पानी', 'लोनी' म्हणणारं गाव त्याला 'रुतुपर्न' म्हणेल. आणि शाळेत गेला की 'पर्न्या'. तयारी ठेवा.

बेहड्याखाली
पाच कोटी पानं दोन फांद्यांवर? मेळघाटात बेहडे भरपूर आहेत, जाऊन बघा. पान वीतभर, फांदीच्या टोकाशी झुपक्याने. चांगल्या वाढलेल्या अख्ख्या झाडाची मोजली तरी हिशोब लाखांच्या पुढे सरकणार नाही. फळांचा आकडा मात्र पटतो. २०९५ फळं दोन मोठ्या फांद्यांवर सहज धरतात.
फळ हिवाळ्यात पिकतं, पानं फेब्रुवारी-मार्चमध्ये झडतात, नवी पालवी आणि मोहर उन्हाळ्यात. म्हणजे झाडावर पानं आणि तयार फळं दोन्ही होती तर ही सफर हिवाळ्यातली असली पाहिजे. वाळल्यावर फळाला अंधुक पाच धारा दिसतात. वैदिक काळात फासे म्हणून याच्याच बिया टाकत, म्हणून द्यूतातला कली नेमका याच झाडात गेला. आजही काही गावांत बेहड्याखाली रात्री थांबत नाहीत. तेच फळ त्रिफळा चूर्णात घालून आपण पोटात घेतो, ते चालतं.

पोथीवाला
कथेतल्या आकड्यांना वनखात्याची मोजपट्टी लावू नका. बाहुकानेही मोजली ती फळं. पानं मोजायच्या भानगडीत तोसुद्धा पडला नाही.

बेहड्याखाली
कारण त्यालाही कळत होतं.

अंजनगाव_पानमळा
मला एकच सांगायचं आहे. हे मुलीचं नाव आहे. ऋतुपर्णा सेनगुप्ता ही बंगाली नटी. मुलगा कॉलेजात गेला की हजेरीला सगळे मागे वळून बघतील.

शुद्धलेखन_मास्तर
ऋतुपर्ण घोष हे बंगाली सिनेदिग्दर्शक पुरुष होते, २०१३ साली वारले. तिकडचा उच्चार 'ऋतुपर्नो', म्हणून इंग्रजी स्पेलिंगच्या शेवटी 'ओ'. नाव मुळात पुल्लिंगीच, शेवटी 'आ' लावला की स्त्रीलिंगी. आपल्याकडे घोळ होतो तो इंग्रजीच्या शेवटच्या 'ए'मुळे. 'एन'वर थांबलात तर वाचणारा पर्ण म्हणेल, पुढे 'ए' लावलात तर दहातले सात पर्णा म्हणतील.

वऱ्हाडी_ठेचा
अन् 'ऋतू' म्हणून हाक मारली तर दहातले दहा.

नाव_अंकशास्त्र_प्रेमी
स्पेलिंगमध्ये एक 'यू' जास्त टाका, बेरीज पाचवर येते, पाच बुधाचा. आमच्या नात्यात तिघांची नावं अशी बदलली, तिघंही नोकरीला लागले.

ई_सेवा_टेबल
जास्तीचं 'यू' टाकू नका. टाकायचं तर सगळ्या कागदांवर एकच टाका, नाहीतर पंधरा वर्षांनी माझ्यासारख्याच्या टेबलासमोर रांगेत उभे राहाल.
आता कामाचं. जन्म जिथे झाला, नोंद तिथल्याच निबंधकाकडे. बाळंतपण माहेरी झालं असेल तर नोंद माहेरच्या ठिकाणी होते, सासरच्या ग्रामपंचायतीत नाही. दुरुस्तीलाही तिथेच जावं लागतं, म्हणून पहिल्यांदाच नीट करा. खबर २१ दिवसांत द्यायची. नाव ठरलं नसेल तर नावाची जागा कोरी ठेवून नोंद होते आणि १२ महिन्यांपर्यंत नाव विनाशुल्क घालता येतं. त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. पाळण्याच्या गडबडीत अर्धवट ठरलेलं नाव घालू नका. एकदा घातलेलं नाव 'आवडलं नाही' म्हणून बदलत नाही, लेखनातली चूक तेवढी दुरुस्त होते.
१ मे २०२४ पासून जन्मलेल्यांसाठी राज्यातला क्रम असा: बाळाचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. आईचं नाव तिच्या आधारवर जसं आहे तसंच द्या. आणि १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांना शाळा प्रवेश, मतदार यादी, वाहन परवाना या सगळ्याला जन्मदाखला हाच मुख्य पुरावा, म्हणजे पूर्वीसारखं शाळेत मास्तर लिहितील ते नाव हे आता चालत नाही.
ऋ साठी इंग्रजीत दोन पर्याय: 'आर-यू' आणि 'आर-आय'. महाराष्ट्रात आपण रु म्हणतो म्हणून 'आर-यू' घ्या. छापायच्या आधी पडद्यावर मराठी आणि इंग्रजी दोन्ही ओळी वाचा. आधार काढताना इंग्रजी टंकलं की मराठी आपोआप उमटतं, तिथे 'रुतुपर्न' येणार हे धरून चाला आणि हाताने दुरुस्त करायला लावा. पाच वर्षांखालच्या मुलाला बोटांचे ठसे लागत नाहीत, ते ५ आणि १५ व्या वर्षी द्यायचे असतात. आधारवर नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, त्यातली एक संधी ऋ वर खर्च करू नका.

पंचांग_वाशीम
'आर-आय' घेतलं तर अक्षर 'री' होईल, ते चित्राचं चौथं चरण. 'रू' हेच स्वातीचं पहिलं. रास दोन्हीकडे तूळच, पण नक्षत्र बदलतं. मुहूर्त बघणाऱ्याने नुसतं नाव पाहून गुण जुळवले तर फरक पडेल. म्हणून जन्मवेळ लिहून ठेवा.

नवीन_सभासद_११
अर्थ ऋतूचं पान. कोणी सांगितलं नाही म्हणून लिहितो.

शुद्धलेखन_मास्तर
वर वाचा.

कौंडण्यपूर_घाट
सगळे बोलले, पण ताईंच्या पहिल्या अटीला कोणी हात लावला नाही. ऋतुपर्ण विदर्भाचा नाहीच. तो इथे आला पाहुणा म्हणून, तेही दुसऱ्याच्या बायकोच्या स्वयंवराला. कुंडिनपूर म्हणजे वर्धेच्या काठचं आपलं कौंडण्यपूर, तिवसा तालुका. तिथला राजा भीम, दमयंतीचा बाप. (रुक्मिणीचा बाप भीष्मक, तो वेगळा. दरवर्षी कोणीतरी घोळ घालतं.) दमन ऋषींच्या वराने भीमाला चार मुलं झाली: दमयंती, दम, दांत आणि दमन. अस्सल विदर्भाची नावं हवीत तर ही घ्या.

वऱ्हाडी_ठेचा
दांत! शाळेत पोट्टे काय सोडतील त्याले? अन् दमन म्हटलं की लोक समुद्रावर सहलीले जातील.

पोथीवाला
दांत म्हणजे इंद्रियांवर ताबा असलेला. पण तुमचं म्हणणं खरं आहे, ठेवू नये.
विदर्भाचा मुद्दा मान्य. तसं पाहिलं तर या कथेत खरं काम विदर्भाकडून पाठवलेल्या दोन ब्राह्मणांनी केलं. सुदेवाने चेदी देशात दमयंतीला भुवयांमधल्या तिळावरून ओळखलं. पर्णादाने अयोध्येत बाहुकाचं बोलणं ऐकून तो नळच असावा, अशी खबर कुंडिनपुरात आणली. दमयंतीने शिकवलेलं वाक्य गावोगाव सभेत म्हणत तो फिरला आणि उत्तर देणारा एकच सापडला. त्यानंतर सुदेव खोट्या स्वयंवराचा निरोप घेऊन गेला आणि ऋतुपर्णाचा रथ निघाला. पर्णाद नसता तर ऋतुपर्णाला यायचं कारणच नव्हतं.

मनसर_टेकडी
प्रवरसेनाचा विचार झाला का?

आत्याबाई_आर्वी
सगळ्यांचे आभार, मनसरचेसुद्धा. घरी बोलले. पर्णाद ठेवतोय.
पत्रिकेत आणि पाळण्यात कानात सांगताना ऋतुपर्ण, अक्षराचं काम तिथेच भागतं. दाखल्यावर पर्णाद. तीन अक्षरं, विदर्भाचा माणूस. सासूबाईंनी दोनदा हाक मारून पाहिली, 'परनाद' म्हणतात, चालतंय.

शुद्धलेखन_मास्तर
पर्ण अधिक अद. पानं खाऊन राहणारा, म्हणजे तपस्वी. अर्थ चांगला आहे, पण ऋतुपर्णाची मजा याला नाही. माझं मत बदललेलं नाही.

वऱ्हाडी_ठेचा
पानं खाणारा म्हणजे आमच्या गोठ्यातली शेळी. ताई, रुद्र ठेवा, अजून वेळ गेली नाही.

अंजनगाव_पानमळा
पानं खाण्यात वाईट काय? आमच्या मळ्यातली पाठवू का बारशाला?

ई_सेवा_टेबल
पर्णाद असेल तर इंग्रजीत 'एन'नंतर 'ए' एक की दोन ते आजच ठरवा. एक 'ए' घातलात तर आधारवाला मराठीत 'पर्नद' उमटवेल, दोन घातलात तर निदान काना तरी येईल. ण हातानेच दुरुस्त करून घ्यावा लागेल. आणि आईच्या नावाचं आधार सोबत न्या, नुसती झेरॉक्स नको, मूळ प्रतही.

बेहड्याखाली
पाच कोटींचं मला अजूनही पटलेलं नाही.