बेसा, नागपूर: सोसायटीत मुलांचा हॅलोविन करतोय. भीती नेमकी कशाची बाळगावी?

बेसा_समिती

नमस्कार मंडळी. आमच्या सोसायटीत ३ विंग, ११२ घरं. यंदा मुलांनी हॅलोविनचा हट्ट धरलाय. ३१ ऑक्टोबर शनिवारी आहे आणि दिवाळी त्याच्या पुढच्याच आठवड्यात. ३ ते १४ वयाची पन्नास-पंचावन्न मुलं होतील. बेत असा: संध्याकाळी ६ ते ९ मुलं वेष घालून दारोदार चॉकलेट गोळा करणार, मग गच्चीवर जेवण, गाणी, ड्राय आइसचा धूर आणि कोरलेल्या कोहळ्यांत (लाल भोपळ्यांत) मेणबत्त्या.

ग्रुपवर दोन दिवसांपासून चॉकलेटमध्ये ड्रग्ज आणि ब्लेड निघाल्याचे मेसेज फिरताहेत. ज्येष्ठ मंडळींचं म्हणणं वेगळं: मुखवट्याआड कोणीही आत शिरेल. कार्यक्रम रद्द करायचा नाही, पण आंधळेपणानेही करायचा नाही. जाणकारांनी नेमकं सांगावं. परवानगी कुणाची लागते, तेही.

रखवाली

ताई, आधी चॉकलेटचं सांगतो, कारण सगळं लक्ष तिथेच अडकलंय. ही भीती अमेरिकेतून आली आणि तपासल्यावर तिथेच टिकली नाही. जोएल बेस्ट या समाजशास्त्रज्ञाने १९५८ पासूनच्या बातम्या काढून पाहिल्या. अनोळखी माणसाने दारावर वाटलेल्या खाऊने मूल दगावल्याची एकही सिद्ध घटना त्यांना सापडली नाही. १९७४ मध्ये टेक्सासात एक मुलगा सायनाइडने गेला, पण गोडात विष कालवणारा त्याचा सख्खा बाप होता, विम्याच्या पैशासाठी. तेव्हा कंपनीचं बंद वेष्टन असलेलाच खाऊ वाटा, घरी आल्यावर उजेडात एकदा पाहा, वेष्टन फाटलेलं असेल ते टाकून द्या. यापलीकडे या विषयावर समितीचा वेळ घालवू नका.

जीव जातो तो गाडीखाली. अमेरिकेतल्या १९७५ ते २०१६ या काळातल्या अपघातांच्या नोंदी पाहिल्या, तर हॅलोविनच्या संध्याकाळी पायी चालणाऱ्यांच्या मृत्यूची जोखीम आठवडाभर आधीच्या आणि नंतरच्या संध्याकाळपेक्षा ४३ टक्के जास्त निघाली. ४ ते ८ वयाच्या मुलांना ती दहापट. सर्वांत वाईट वेळ सहाच्या सुमाराची. नागपुरात ३१ ऑक्टोबरला पावणेसहाच्या आत सूर्य बुडतो. म्हणजे तुम्ही सहाला सुरू करणार, तेव्हा नुकता अंधार पडलेला, ऑफिसहून परतणाऱ्या आणि दिवाळीच्या खरेदीला निघालेल्या गाड्या एकदम गेटवर. घरोघर फिरणं ५ ते ७ करा आणि त्या दोन तासांत आवारात एकही चाक फिरू देऊ नका. डिलिव्हरीवाले गेटवरच थांबतील, रहिवाशांनी गाडी पाचच्या आत लावावी नाहीतर बाहेर ठेवावी.

बेसमेंटच्या रॅम्पवर एक माणूस उभा ठेवाच. चढ चढताना गाडीचं बोनेट वर उचललेलं असतं. त्यामुळे रॅम्पच्या तोंडाशी उभं असलेलं साडेतीन फुटांचं मूल ड्रायव्हरला दिसतच नाही. दिसतं तेव्हा ब्रेक मारायला अंतर उरलेलं नसतं. त्यात भुताचा वेष काळा. दोन इंची रिफ्लेक्टर पट्टी सायकलच्या दुकानात मिळते. ती पाठीवर, खाऊच्या पिशवीवर आणि दोन्ही घोट्यांना लावा. घोट्यावरची सर्वांत आधी चमकते, कारण ती हेडलाइटच्या खाली झुकलेल्या झोतात येते आणि चालताना हलते.

मुखवटा मुलांनाच धोक्याचा. डोळ्यांची भोकं सरकली की बाजूचं दिसत नाही. तपासणी सोपी आहे: मुखवटा घालून समोर पाहायचं, दोन्ही हात बाजूला पसरायचे आणि अंगठे हलवायचे. मान न वळवता अंगठे दिसले नाहीत तर मुखवटा बाद. झगा घोट्यापासून चार बोटं वर हवा, नाहीतर जिन्यात पाय अडकतोच.

अनोळखी माणसाच्या भीतीबद्दल: गेटच्या आत येणाऱ्या प्रत्येक मोठ्या माणसाचा चेहरा उघडा, अपवाद नाही. पाहुण्यांची यादी शुक्रवारी रात्री बंद करा आणि मनगटाला रंगीत कागदी पट्टा बांधा. मंडपवाला, केटरर, साउंडवाला यांची नावं आणि नंबर आधी मागवून ठेवा. खरी फट मात्र दुसरीकडे आहे. सगळी सोसायटी गच्चीवर गेली की खालच्या ११२ घरांना रान मोकळं. दिवाळीपूर्वीचा आठवडा, घरात रोकड आणि दागिने. 'खाली पाच मिनिटांत जाऊन येतो' म्हणून नुसतं लॅच ओढलेलं दार उघडायला चोराला एक मिनिट पुरतं. दाराला दुहेरी कुलूप, एका खोलीत दिवा चालू, आणि गच्चीवरचे फोटो स्टेटसला दुसऱ्या दिवशी. एक वॉचमन गेटवरून हलणार नाही, दुसरा दर २० मिनिटांनी तिन्ही विंगचे मजले फिरेल. त्याला जेवायला वर बोलावू नका, ताट खाली पाठवा.

आणि एक, नाजूक पण सांगायलाच हवं. मुलांवरच्या अत्याचारांच्या १९९७ ते २००५ या काळातल्या अमेरिकी नोंदी तपासल्या, तेव्हा हॅलोविनला असे गुन्हे वाढल्याचं दिसलं नाही. अशा गुन्ह्यांत बहुतेकदा माणूस ओळखीचाच असतो. म्हणून नियम ओळखीच्या घरांनाही तोच: मुलं उंबरठ्याबाहेर उभी राहतील, कुणाच्याही घरात शिरणार नाहीत, 'बाथरूम वापर, ये आत' म्हटलं तरी नाही. सहा मुलांमागे एक मोठं माणूस, आठ वर्षांखालच्यांना चारमागे एक. ज्यांना यात भाग घ्यायचाय त्यांनी दारावर नारिंगी कागद लावावा. कागद नसेल त्या घराची बेल वाजवायची नाही. १९९२ मध्ये अमेरिकेतल्या बॅटन रूजला १६ वर्षांचा एक जपानी विद्यार्थी हॅलोविन पार्टीला निघाला आणि चुकून दुसऱ्याच घराची बेल वाजवली. घरमालकाने गोळी घातली. आपल्याकडे बंदूक नाही, पण चुकीच्या दारावर पिसाळलेला कुत्रा किंवा हृदयविकाराचे आजोबा असू शकतात.

पाण्याचा_बंब

रखवाली भाऊंनी गाड्यांचं नीट सांगितलं. मी आगीचं सांगतो, कारण या बेतात मला सर्वांत जास्त खटकतात त्या मेणबत्त्या.

बाजारातले भुताचे झगे बहुतेक पॉलिस्टर किंवा नायलॉनचे. हे कापड जळताना वितळतं आणि कातडीला चिकटतं. कोहळं ठेवलेलं असतं जमिनीवर किंवा पायरीवर, ज्योत गुडघ्याखाली, आणि झग्याचा घेर नेमका तिथेच फिरतो. मूल खाली वाकून आत डोकावतं तेव्हा बाही आणि केसही तिथेच. कोळ्याचं जाळं म्हणून कापूस ताणून लावतात, तो पिंजलेला असल्याने एका ठिणगीत भपकन पेटतो. त्यामुळे आवारात एकही उघडी ज्योत नको. बॅटरीवरचे छोटे एलईडी दिवे दिवाळीमुळे आता सगळीकडे मिळतात. कोहळ्यात तेच ठेवा. कोरणं मोठ्यांनीच करावं. साल टणक असते, सुरी अडकते आणि जोर लावला की घसरून दुसऱ्या हातात शिरते. दातेरी छोटी सुरी घ्या, बोटं तिच्या वाटेत ठेवू नका. निघालेल्या गराची बोंडं करा, तेवढा खाऊ तरी घरचा.

गच्चीवर कापडी छत टाकू नका. हरियाणातल्या डबवालीत २३ डिसेंबर १९९५ ला शाळेच्या कार्यक्रमात सिंथेटिक मंडप पेटला आणि चारशेहून जास्त माणसं गेली, त्यात मुलंच जास्त. छत वितळून अंगावर पडलं आणि बाहेर पडायला वाट अपुरी होती. तुमच्या गच्चीला दोन जिने असतील तर दोन्ही दारांची कुलपं काढून किल्ली खिशात ठेवा आणि दारासमोर स्पीकर, खुर्च्या, जेवणाचं टेबल काही लावू नका. एबीसी पावडरची ६ किलोची दोन अग्निशामकं, एक गच्चीच्या दाराशी आणि एक साउंडच्या जवळ. काटा हिरव्या पट्ट्यात आहे ना ते आदल्या दिवशी पाहा. दिव्यांच्या माळा एकाच एक्स्टेंशन बोर्डावर लादू नका, आणि गच्चीवरची लाइन ३० मिलीअँपिअरच्या आरसीसीबीमधून (शॉक बसताच वीज तोडणाऱ्या स्विचमधून) घ्या.

कुणाचे कपडे पेटलेच, तर मुलाला धावू देऊ नका. जमिनीवर आडवं करून लोळवा, वर सुती चादर किंवा सतरंजी घाला. मग भाजलेल्या जागी नळाचं साधं पाणी सलग २० मिनिटं. बर्फ, टूथपेस्ट, हळद काही नाही. चिकटलेलं कापड ओढून काढायचं नाही. रुग्णवाहिकेसाठी १०८ ला फोन.

पापणी

थोडंसं डोळ्यांबद्दल. मांजरडोळ्यांच्या किंवा पांढऱ्या रंगाच्या लेन्स ऑनलाइन स्वस्तात मिळतात आणि दहावीतली मुलं त्या आपसांत बदलून घालतात. हे अजिबात होऊ देऊ नका. डोळ्याच्या मापाची नसलेली लेन्स बुबुळावर घासते, नळाच्या पाण्याने धुतली की त्यातले जंतू ओरखड्यातून आत जातात, आणि बुबुळावर फूल पडून नजर कायमची जाऊ शकते. लाली, दुखणं, उजेड सहन न होणं यांतलं काही झालं तर लेन्स काढा, डोळा चोळू नका, आणि त्याच रात्री मेडिकल किंवा मेयो या सरकारी रुग्णालयात दाखवा. सोमवारची वाट पाहू नका.

चेहरा रंगवायला पाण्यात विरघळणारे फेसपेंटच वापरा. शाळेतले अॅक्रिलिक आणि होळीचा उरलेला रंग नको. आदल्या दिवशी कोपराच्या आतल्या बाजूला एक ठिपका लावून पाहा. पाच वर्षांखालच्या मुलांच्या पिशवीतून शेंगदाणे आणि गोल कडक गोळ्या काढून घ्या, त्या श्वासनलिकेत अडकतात.

महाल_ते_इतवारी

मोठी पोट्टी सोसायटीत थांबणार नाहीत, धरमपेठ-रामदासपेठेकडे पार्टीला जातील. त्यांच्यासाठी लिहितो.

२९ ऑक्टोबर २०२२ ला सोलच्या इतेवॉनमध्ये हॅलोविनच्या गर्दीत १५९ जीव गेले. आग नाही, स्फोट नाही. सुमारे सव्वातीन मीटर रुंदीची उताराची गल्ली, दोन्हीकडून लोटणारी माणसं. छाती फुगायला जागा उरली नाही म्हणून लोक उभ्याउभ्या गुदमरले. पहिला मदतीचा फोन ६ वाजून ३४ मिनिटांनी गेला होता, चेंगराचेंगरी सव्वादहाच्या सुमाराला. मधले साडेतीन तास वाया गेले, हे सर्वांत जास्त जिवाला लागतं.

मारबतीला इतवारीत काय गर्दी असते ते आपण सगळे पाहतो, पण ती मिरवणूक पुढे सरकत राहते आणि पोलिसांचा बंदोबस्त ठरलेला असतो. पबच्या जिन्यात यातलं काहीच नसतं. एका चौरस मीटरमध्ये चार माणसं झाली की सावध व्हा, सहा झाली की तुम्ही स्वतःच्या मर्जीने चालत नसता. अडकलात तर दोन्ही हात मुठी करून छातीसमोर धरा, लोंढ्याच्या विरुद्ध जाऊ नका, तिरपे कडेला सरका, पडलेला मोबाइल उचलायला वाकू नका. हाच हिशेब तुमच्या गच्चीला लावा: ३० बाय २० फूट म्हणजे जवळपास ५५ चौरस मीटर. टेबलं आणि साउंड धरून शंभरच्या वर माणसं नकोत. ११२ घरांचे लोक एकदम वर आले तर दाटी होणारच, जेवण दोन पंगतींत करा.

सतरा वर्षांच्या मुलाला गाडी देऊ नका. अपघात झाला नाही, नुसता चालवताना सापडला तरी पालकाला ३ वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड, गाडीची नोंदणी १२ महिने रद्द, आणि मुलाला वयाच्या २५ पर्यंत लायसन नाही. रील्ससाठी पांढरी चादर पांघरून अंधाऱ्या रस्त्यावर दुचाकीसमोर उडी मारणाऱ्यांनाही घरीच समजवा. असंच लोकांना घाबरवल्याबद्दल बंगळूरूच्या यशवंतपूर भागात नोव्हेंबर २०१९ मध्ये सात तरुणांना अटक झाली. दुचाकीस्वाराने दचकून ब्रेक मारला तर मागे बसलेली बाई डोक्यावर पडते. पार्टीचं तिकीट कुणाच्या इन्स्टावरच्या क्यूआरवर पैसे पाठवून घेऊ नका. फसलात तर लगेच सायबर फसवणुकीच्या १९३० या नंबरला कळवा, जितका उशीर तितके पैसे पुढे सरकतात.

बेसा_समिती

सगळ्यांचे मनापासून आभार. मेणबत्त्या बाद, वेळ ५ ते ७, रॅम्पवर दोन काका आळीपाळीने. दारोदार फिरण्याला विरोध करणाऱ्या आजींना आम्ही तान्ह्या पोळ्याची आठवण दिली. लाकडी नंदी घेऊन पोरं बोजारा (खाऊ-पैसे) मागायला जातातच की, ओळखीच्या दारी, उजेडात, सोबत मोठं माणूस. आजी म्हणाल्या, 'मग तसंच करा.'

दोन गोष्टी राहिल्या: परवानगी आणि ड्राय आइस. धुरासाठी मुलांचा जीव अडकलाय.

रखवाली

आवारातल्या घरगुती कार्यक्रमासाठी वेळ आणि अंदाजे संख्या लिहून तुमच्या पोलिस ठाण्यात एक पत्र आठवडाभर आधी द्या, पोच घ्या. रात्री १० नंतर स्पीकर बंद, हा नियम देशभर सारखाच. मोठ्यांसाठी दारू वाटणार असाल तर उत्पादन शुल्क विभागाचा एक दिवसाचा परवाना लागतो. माझं मत विचाराल तर मुलांच्या कार्यक्रमात ती ठेवूच नका. रॅम्पवरच्या काकांचं लक्ष शाबूत हवं. गेटवर मोठ्या अक्षरांत ११२ (तातडीची मदत) आणि १०९८ (मुलांची हेल्पलाइन) हे नंबर लिहून ठेवा.

पाण्याचा_बंब

ड्राय आइस म्हणजे गोठवलेला कार्बन डायऑक्साइड, उणे ७८ अंशांचा असतो. चिमटीत धरला तरी कातडी गोठून भाजल्यासारखी होते, पोटात गेला तर आतून जाळतो. २०२४ मध्ये गुरुग्रामच्या एका हॉटेलात माउथ फ्रेशनर समजून खाल्लेल्यांना रक्ताच्या उलट्या झाल्या. म्हणून सरबताच्या भांड्यात तो घालूच नका.

नुसता धूर हवा असेल तर २ किलो पुष्कळ. एका किलोचा जवळपास पाचशे लिटर कार्बन डायऑक्साइड होतो आणि तो हवेपेक्षा जड, जमिनीलगत साचतो, म्हणजे लहान मुलांच्या तोंडाच्या उंचीवर. त्यामुळे उघड्या गच्चीवरच, बेसमेंट किंवा क्लबहाउसमध्ये नाही. आणताना कारच्या काचा उघड्या ठेवा. थर्मोकोलचा डबा चालेल, झाकण घट्ट बसवू नका. जाड कोरडे हातमोजे आणि लांब चिमटा. स्टीलचं पातेलं टेबलावर मधोमध ठेवा, त्यात कोमट पाणी, एका वेळी दोन-तीन मुठीएवढे तुकडे, आणि चार फुटांवर दोरी बांधून एक मोठं माणूस उभं. उरलेले तुकडे बाटलीत भरू नका, बाटली फुटते. सिंकमध्येही नको, पाइप तडकतो. गच्चीच्या कोपऱ्यात उघड्या पातेल्यात ठेवा, मुलं खाली उतरल्यावर दार लावून घ्या, सकाळपर्यंत तिथे काही उरलेलं नसेल.