टॉवेल रॉड दुसऱ्यांदा निखळला, मदत हवी आहे (सांगली)

विश्रामबाग३०२
मंडळी अर्जंट आहे. बाथरूममधला टॉवेल रॉड परत निखळलाय. पहिला प्लंबरनं लावलेला, दीड महिन्यात हातात आला. मग मी स्वतः नवीन आणला, चांगला जाड 24 इंची, व्हिडिओ बघून लावला तर तोपण आठ दिवसांत खाली, वर एका टाइलला केसाएवढी चीर गेलीय ती वेगळीच. रविवारी पाहुणे आहेत त्यामुळं लांबड नको, कुठल्या कंपनीचा घ्यायचा आणि कशानं चिकटवायचा एवढंच सांगा.

मिस्त्रीचा_पोरगा
निखळला म्हंजे नक्की काय झालं? गिट्टीसकट (भोकात बसवतात तो प्लास्टिकचा प्लग) स्क्रू बाहेर आला, का पट्टी भिंतीलाच राहिली आणि नुसता रॉड सुटला? पट्टी जागेवर असेल तर कपाच्या खालच्या बाजूला बारका स्क्रू असतो, तो अ‍ॅलन कीनं आवळला की काम संपलं. आणि भिंत कसली आहे?

विश्रामबाग३०२
भिंत म्हणजे भिंत, फ्लॅटची, टाइल लावलेली. गिट्टीसकटच आलाय. कंपनी सांगा ना राव.

कुपवाड_फिटर
कंपनीवर जाऊ नका, स्टेनलेस स्टीलचा 304 ग्रेड मागा. 202 मध्ये निकेल कमी आणि मँगनीज जास्त, बोअरच्या क्षाराच्या पाण्यानं त्यावर चट्टे लवकर पडतात. दुकानात खिशातनं चुंबक काढायचं, चिकटलं की माल परत द्यायचा.

मिरज_जंक्शन
चुंबकानं 202 आणि 304 मधला फरक कळत नाही ओ, दोन्हीला चिकटत नाही. चिकटलं तर तिसरंच काहीतरी स्वस्त निघालं एवढंच कळतं. आणि मुळात त्यांचा रॉड गंजलाय कुठं, भिंतीतनं उपटून आलाय.

कुपवाड_फिटर
वीस वर्षं हेच काम करतोय, मला शिकवू नका.

सौ_पाककला
आमच्याकडं चिकटवायचा आहे, भोकंच नको. टाइल कोरडी करून पुसून घ्यायची, लावल्यावर एक दिवस हात लावायचा नाही. नॅपकिनला बेस्ट.

आबा_निवृत्त
नवीन पिढीला धीर नाही. सागवानाचा खुंट तासून भिंतीत ठोकायचा, त्यात स्क्रू. माझ्या घरात 1984 पासून एक खुंटी हललेली नाही.

मिस्त्रीचा_पोरगा
आबा, बाहेरच्या खोलीत चालतंय ते. बाथरूममध्ये लाकूड पाणी पिऊन फुगलं की टाइल तडकते.
३०२ वाले दादा, भोक पाडताना पावडर कसली पडली? लाल पडली तर वीट, करडी रवाळ म्हंजे सिमेंट. आणि चीर कशी गेली, हॅमर मोड चालू ठेवून ड्रिल मारलं का?

विश्रामबाग३०२
हो, हॅमर चालूच होता, नाहीतर भोक कसं पडणार? पावडर पांढरी, पिठासारखी. भोक तर लोण्यात सुरी जावी तसं पडलं, म्हणून म्हटलं चांगलं काम झालं.

मिस्त्रीचा_पोरगा
मग सिपोरेक्सचा ब्लॉक आहे, म्हंजे हलका, आतनं सच्छिद्र सिमेंटचा. तिथं रॉडसोबत फुकट मिळणारी इंचभर गिट्टी टिकतच नाही, तिचा निम्मा भाग टाइल आणि मागच्या मालातच अडकतो. असं करा: टाइलवर चिकटपट्टी लावून खूण करा म्हंजे बिट घसरत नाही. टाइल बिटनं, हॅमर बंद, हळू फिरवत आरपार जा, मधेमधे ओला स्पंज लावा. मग ब्लॉकमध्येपण हॅमर नको, नाहीतर भोक मोठं होतं. ब्लॉकसाठीची लांब नायलॉन गिट्टी मिळते, ती सगळी टाइलच्या मागं गेली पाहिजे. नळाच्या मिक्सरच्या सरळ वर आणि गिझरच्या रेषेत भोक पाडू नका, पाइप तिथनंच गेलेला असतो.

गॅलरीवाला
मुळात बाथरूममध्ये टॉवेल वाळत घालायचाच कशाला? पावसाळ्यात कुबट वास मारतो. दोरी बांधा गॅलरीत.

सौ_पाककला
आमच्या सोसायटीत गॅलरीत कपडे दिसले की चेअरमन वहीत नाव लिहितात 😀

मिरज_जंक्शन
एक विचारू का? ओला टॉवेल म्हणजे फार तर दीड किलो. त्यानं आठ दिवसांत गिट्टी उपटत नाही, सिपोरेक्स असला तरी. दोन्ही बाजूंनी निघाला का एकाच? कमोड कुठं आहे?

विश्रामबाग३०२
दोन्ही वेळा उजवी बाजू. रॉड खाली वाकलायपण. कमोड उजवीकडंच. त्याचा काय संबंध?

मिरज_जंक्शन
घरात वयस्कर कोण आहे?

विश्रामबाग३०२
आई. गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, उठताना जरा हात लावत असेल. पण चांगला रॉड असला तर धरलाच पाहिजे की.

मिरज_जंक्शन
नाही धरणार ओ. टॉवेल रॉड टॉवेलसाठीच असतो. उठताना माणसाचा भार आणि वर झटका. तुम्हाला ग्रॅब बार पाहिजे, जाड दांड्याचा, दोन्ही टोकांना तीन तीन स्क्रूचा. आणि तो नुसत्या गिट्टीवर सिपोरेक्समध्ये लावायचा नाही. कोपऱ्यात आरसीसी कॉलम असेल तर तिथं लोखंडी अँकर मारा, नाहीतर भिंतीतनं आरपार बोल्ट आणि पलीकडं लोखंडी प्लेट.

कुपवाड_फिटर
हे बरोबर आहे. पलीकडं काय आहे, बेडरूम का डक्ट?

मिस्त्रीचा_पोरगा
उंचीचा आकडा कुणाला विचारू नका. आईंना कमोडवर बसवा, कोपर वाकवून हात जिथं सहज जातोय तिथं पेन्सिलनं खूण करा. बार लावला की आधी तुम्ही स्वतः लोंबकळून बघा, मगच त्यांना धरू द्या.

गणपती_पेठ
पेठेत हार्डवेअरला आलात तर शनिवारी सकाळीच या, दुपारनंतर गाडी लावायला जागा नाही. येताना भडंग घेऊन जा पाहुण्यांना.

गॅलरीवाला
भडंग जयसिंगपूरचा.

गणपती_पेठ
झालं सुरू.

विश्रामबाग३०२
आत्ता आईला विचारलं. दोन्ही वेळा तिच्याच हातात आलाय. पहिल्या वेळी भिंतीला पाठ टेकली म्हणून पडली नाही. प्लंबरला मी फोनवर एवढं बोललो तेव्हा शेजारीच बसलेली, गप्प राहिली. म्हणते तू चिडला असतास.
पलीकडं माझी बेडरूम आहे, प्लेट कपाटामागं लपेल. उद्या माणूस बोलावतोय. रविवारपर्यंत कमोडशेजारी वॉकर ठेवलाय. टॉवेल दाराच्या हुकला.

मिस्त्रीचा_पोरगा
ओल्या फरशीवर वॉकरचे रबर बघून घ्या, झिजले असतील तर बदला. आणि चिरलेल्या टाइलमध्ये पांढरं सिमेंट भरा, पाणी आत मुरतंय.

आबा_निवृत्त
खुंट मारला असता तर एवढं झालंच नसतं.