ससूनची पाटी उतरवा म्हणणाऱ्यांना

पेठेतला_रिकामटेकडा: काल इथे एकाने लिहिलं, ‘डेव्हिड ससून अफूवाला, त्याचं नाव इस्पितळाला कशाला? पाटी उतरवा.’ उत्तर लांबणार आहे, घाई असेल त्यांनी पुढे जावं. तिथला सुभेदार दाऊद पाशा याच्या जाचाने बगदाद सोडून इराणच्या बुशायर बंदरामार्गे हा ज्यू व्यापारी १८३२ च्या सुमारास मुंबईला आला. इंग्रजी शेवटपर्यंत शिकला नाही, सही हिब्रूत. भायखळ्याचं सिनेगॉग म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, पुण्याचं लाल देऊळ (तेही सिनेगॉगच), नव्या पेठेतलं पंगुगृह, काळ्या घोड्याची लायब्ररी, सगळीकडे याच घराचा पैसा. ससून हॉस्पिटल उभं राहिलं १८६७ ला, हा गेला १८६४ ला. आणि अफू? माळव्याच्या पेट्या मुंबईतून सुटताना इंग्रज सरकार पासाचे, म्हणजे निर्यात परवान्याचे, पैसे घ्यायचं, बंगालात तर मक्ताच सरकारचा. त्या सरकारच्या पाट्या उतरवल्यात?

माळव्याचा_जावई: सरकार चोर म्हणून दलाल साव? १८४२ ला अफूच्या युद्धात हरलेल्या चीनशी इंग्रजांचा नानकिंगचा तह, १८४४ ला मुलगा एलियास चीनमध्ये हजर. व्यसन तिकडच्यांना, दवाखाना इकडच्यांना. छान वाटणी.

गिरगाव_गल्ली: मग जमशेटजी जीजीभॉयही अफूतच होते. जे. जे. चंही नाव काढा. की तिथे हात थरथरतो?

सुमनताई: माझ्या आजीची तीन बाळंतपणं ससूनमध्ये झाली, घरात दमडी नव्हती तेव्हा. तुमचे तह-बिह तिला सांगायचे होते.

माळव्याचा_जावई: ताई, ते दवाखाने आमच्या करांवर चालतात. ससूनने इमारतीला पैसे दिले, बाळंतपणं नाही केली.

सुमनताई: इमारत नसती तर काय तुमच्या अंगणात केली असती?

रेवदंड्याचा_कर: सगळे बगदादी ज्यूंचंच कौतुक करा. आम्ही बेने इस्राएल, कोकणातले ज्यू, घाण्याचं तेल काढणारे, शनिवारी काम बंद म्हणून शनवार तेली. मांडवीचं सिनेगॉग दिवेकरांनी १७९६ ला बांधलं, तेव्हा ससून चार वर्षांचे, तेही बगदादला. आणि १८३६ ला बगदादी मंडळींचा सरकारकडे अर्ज: दफनभूमीत आमच्या-तुमच्यात भिंत घाला. मेल्यावरसुद्धा शेजार नको!

गिरगाव_गल्ली: कोणत्या जातीत असं नाही? आमच्यात अजून पंगती वेगळ्या बसतात.

रेवदंड्याचा_कर: म्हणून चालेल? हे खरे ज्यू आहेत का, तोच संशय पुढे इस्रायलात निघाला. आमच्यांशी लग्नं लावताना रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, कुळी तपासायला लागले. आमच्यांनी जेरुसलेमला धरणं धरलं, तेव्हा कुठे १९६४ ला तिथल्या सरकारने हे पूर्ण ज्यू आहेत असं जाहीर केलं. माझी मावशी तेव्हा तिकडेच होती, तिच्यासमोर ‘सगळीकडे असंच असतं’ म्हणून बघा.

पेठेतला_रिकामटेकडा: अहो, विषय पाटीचा होता.

रेवदंड्याचा_कर: तुमचा असेल.

गिरगाव_गल्ली: पण गावात आजही मान आहे ना तुम्हाला? अलिबागकडे तर सगळे मिळून राहिले.

रेवदंड्याचा_कर: गावकऱ्यांनी कधी परकं केलं नाही, तेच सांगतोय! परकं केलं ते आपल्याच धर्माच्या शेठजींनी. वाचता की नुसतं टंकता?

माळव्याचा_जावई: बरं, सुमनताईंच्या आजीसाठी पाटी राहू दे. खाली ‘अफूच्या नफ्यातून’ एवढं लिहा, मोठ्या अक्षरात.

पेठेतला_रिकामटेकडा: लिहा की. शेजारी सरकारच्या पासाचा हिशोबही लिहा. जीजीभॉयची पाटी रंगवायला तुम्हीच जा.

रेवदंड्याचा_कर: आणि १८३६ चा अर्ज कोणत्या पाटीवर?