गिरणीतल्या काकांना उतारवयात गावी आणावे का?

कोयनाकाठ:
माझे थोरले चुलते १९६८ साली पाटण तालुक्यातून मुंबईला गेले आणि लालबागच्या एका गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर कापड विणण्याच्या खात्यात, लागले. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेला संप मागे घेतल्याचे कोणी कधी जाहीर केले नाही, आणि काकांनाही कोणी पुन्हा कामावर बोलावले नाही. त्यानंतर हमाली आणि पुढे इमारतींची रखवाली करत त्यांनी दिवस काढले. आज ते ७६ वर्षांचे आहेत. काकू जन्मभर गावी राहिल्या आणि गावीच वारल्या. काका मात्र अजूनही मुंबईत गावकीच्या गाळ्यात, म्हणजे गावच्या मंडळींच्या सामायिक खोलीत, राहतात, जिथे भिंतीलगत एकेकाच्या नावाच्या पत्र्याच्या ट्रंका आहेत आणि त्यांतल्या निम्म्यांचे मालक आता हयात नाहीत. घरी चला म्हटले की ते म्हणतात, "तिथं मी पाहुणा." अशा माणसाला आग्रह करावा का?

शास्त्रीकाठ:
वडिलांना संगमेश्वरला आणले तेव्हा, घर आपलेच आहे, मग अडचण कसली, असे आम्हाला वाटले होते. साच्यांच्या खडखडाटात आयुष्य गेल्याने त्यांना कमी ऐकू येई आणि ते मोठ्याने बोलत, त्यामुळे शेजाऱ्यांना ते सतत भांडत आहेत असे वाटे. येऊन दोन वर्षे झाली तरी वाटेत भेटणारा "कधी आलात, किती दिवस मुक्काम?" असेच विचारी. गणपतीला येणाऱ्या चाकरमान्याचा मान कायमचे राहायला आलेल्याला मिळत नाही, हे त्यांना आमच्याआधी कळले होते.

तिसरी पाळी:
आग्रहाआधी पैशांचे पाहावे. भविष्य निर्वाह निधीची निवृत्तिवेतन योजना १९९५ सालची असल्यामुळे १९८२ मध्येच बाहेर पडलेल्यांना तिचा लाभ नाही, आणि स्वतःचे चार पैसे हाती नसलेला माणूस पुतण्याच्या घरी संकोचणारच. ते उत्पन्नाच्या मर्यादेत बसत असतील, तर तहसील कार्यालयात गरीब वृद्धांना दरमहा पैसे देणाऱ्या सरकारी श्रावणबाळ योजनेचा अर्ज करावा; २०२३ मध्ये ती रक्कम दरमहा १,५०० रुपये झाली. तेवढ्यात संसार चालत नाही, पण तंबाखूसाठी हात पसरावा लागत नाही. गिरणी कामगारांच्या घरासाठी त्यांनी अर्ज केला होता का, हेही विचारावे. आणि गाळ्यातली जागा सोडायला त्यांना लावू नये.

कोयनाकाठ:
घरासाठी अर्ज केला होता. नाव अजून लागलेले नाही. काका चैत्रातल्या यात्रेला आले. त्याला आता तीन आठवडे झाले, आणि परतीच्या तिकिटाचा विषय त्यांनी काढलेला नाही. ट्रंकेची किल्ली मात्र करदोट्याला बांधलेली आहे.