बाहेरच्यांना न दिसलेलं घर: तुमचे अनुभव

पाहुण्यांसमोर आईबाबा एकमेकांची थट्टासुद्धा करायचे. लोक म्हणायचे, संसार असावा तर असा. पाहुणे गेले, दार लागलं, की संपलं. मग ‘बाबांना सांग, बिल भरायचंय’, ‘आईला सांग, मला उशीर होईल’. दोघं एकाच खोलीत आणि मध्ये मी, आठ वर्षांची पोस्टमन. निरोपातला राग गाळून तो पुढे द्यायचा, हे मला कुणी शिकवलं नाही. आता ऑफिसात दोघांचं बिनसलं की मलाच मध्ये घालतात.

तुमच्याकडे काय झाकलेलं होतं? नावं-गावं न घालता लिहा.

*

आमच्याकडे कर्ज. दादाच्या धंद्यासाठी बाबा जामीन राहिले, आईला न विचारता. दादाचे हप्ते थकले आणि बँकेची नोटीस बाबांच्या नावाने आली. कर्जदाराने नाही भरलं तर जामीनदाराकडून वसुली होते, हे आईला त्या पाकिटातून कळलं. ती ओरडली नाही. फक्त दुसऱ्या दिवसापासून बाबांच्या कपड्यांना इस्त्री करणं बंद. याला 6 वर्षं झाली. सगळ्यांसमोर दादा अजूनही ‘आमचा उद्योजक’. (बाबा इस्त्री बरी करतात आता.)

*

मीही पोस्टमन! पण मी निरोप बनवायचो. एकदा बाबा काहीच बोलले नसताना आईला सांगितलं, ‘बाबा म्हणाले, चुकलं माझं.’ चार दिवस घर छान होतं. मग फुटलं, आणि दोघं मिळून मला रागावले. त्या वर्षात दोघांनी मिळून केलेली तेवढीच गोष्ट.

*

सासूबाई दीड वर्ष अंथरुणाला खिळून आहेत. ‘आईचं आम्ही सगळे मिळून करतो’ हे दीर चारचौघांत सांगतात. रात्री दोनला कूस बदलायला उठते मी. नवरा झोपलेला असतो, किंवा तसं दाखवतो. दिरांचा फोन आला की सासूबाई म्हणतात, ‘तुम्ही आहात म्हणून निभावतंय रे.’ तेव्हा मी शेजारीच त्यांचं अंग पुसत असते. एकदा फोन ठेवल्यावर त्यांनी माझा हात घट्ट धरला. बोलल्या काहीच नाहीत. राग कुणावर धरायचा मग?

*

धागा मीच काढला, म्हणून काल धीर करून आईला विचारलं, तुमचा अबोला नेमका कशावरून सुरू झाला?

म्हणाली, ‘तुझ्या बाबांना विचार.’